दंड घ्या, पण गाडी सडवू नका: वाळूच्या जप्त गाड्यांबद्दल

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या पेपरात दर आठ-पंधरा दिवसाला एक बातमी असतेच, अवैध वाळू वाहतूक करणारा ट्रॅक्टर पकडला, हायवा म्हणजे मोठा डंपर पकडला, इतक्या लाखाचा मुद्देमाल जप्त, आणि बाजूला फोटो, गाडीपुढं महसूलचं पथक उभं. चांगलं आहे, पकडायलाच पाहिजे. पण त्या गाडीचं पुढं काय झालं, मालकानं दंड भरला का, गाडी सुटली का, लिलाव झाला का अजून तिथंच उभी आहे, ही बातमी मी तरी आजवर वाचलेली नाही. मला ती गाडी रोज दिसते म्हणून हे पत्र लिहितोय. मोठं झालं तर सांभाळून घ्या, पण कापू नका ही विनंती.

मी ट्रॅक्टर मेकॅनिक आहे. गोदाकाठच्या एका तालुक्याच्या गावाला १९ वर्षं माझं गॅरेज आहे, तहसीलच्या मागच्या भिंतीला लागून जो रस्ता जातो त्याच रस्त्यावर. जप्त गाडी सुटली की मालक आधी माझ्याकडं येतो, कारण सहा महिने वर्षभर उभी राहिलेली गाडी चावी फिरवून बाहेर येत नाही, तिला बाहेर आणावं लागतं. बॅटरी तर नसतेच. सेल्फ नसतो, डायनामो नसतो, टॉपलिंक आणि हिचची पिन पहिल्या महिन्यातच गेलेली असते. टाकीत पाणी धरलेलं असतं आणि तेच पाणी पंपात जाऊन प्लंजर जाम होतो, मग पंप खोलून जिल्ह्याच्या गावाला पाठवायचा. क्लच प्लेट गंजून फ्लायव्हीलला चिकटून बसते, मग दुसरा ट्रॅक्टर पुढं लावून गिअरमध्ये टाकून ओढत ओढत ती सोडवावी लागते. मागची टायरं हवा गेल्यावर रिमवर बसलेली, दोन उन्हाळ्यात त्यांना भेगा पडतात आणि मागच्या टायरची जोडी म्हणजे गरीब माणसाचं वर्षाचं बजेट. वायरिंग उंदरांनी खाल्लेलं. आणि ट्रॉलीत वाळू तशीच, ती कुणी उतरवत नाही कारण ती मुद्देमाल आहे, पावसाचं पाणी त्या वाळूत मुरतं, खाली हौद्याचा पत्रा कुजतो आणि वर गवत उगवतं. एका ट्रॉलीत मी एरंडाचं झाड पाहिलंय, छातीएवढं. ते झाड मीच कुऱ्हाडीनं तोडलं आणि मग ट्रॉली ओढली, मालक बाजूला उभा होता, तो काहीच बोलत नव्हता.

मागच्या वेळेला मी मोजलं तर तहसीलच्या आवारात ३१ गाड्या होत्या. ट्रॅक्टर, टिप्पर, दोन हायवा, एक जुनी जीप. सगळ्यात जुनी गाडी किती वर्षाची आहे हे तिथल्या शिपायालाही सांगता आलं नाही, नंबर प्लेट गंजून गेली होती.

आता कायदा काय म्हणतो ते मला या धंद्यामुळं आणि घरच्या एका भानगडीमुळं जवळजवळ पाठ झालंय, ते सांगतो, कारण अर्ध्या लोकांना माहीत नसतं की आपल्यावर नेमकी कोणत्या कलमाखाली कारवाई झाली. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६, त्याचं कलम ४८. त्यातलं पोटकलम ७ म्हणतं की परवानगी नसताना गौण खनिज, म्हणजे वाळू, मुरूम असलं काही काढलं, नेलं, तर त्याच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड. पोटकलम ८ गाडीबद्दल आहे. गाडी जप्त करता येते, पण जप्त केल्यापासून ४८ तासाच्या आत ती जिल्हाधिकारी किंवा उपजिल्हाधिकारी दर्जाच्या खालचा नसेल अशा अधिकाऱ्यापुढं हजर करायची, आणि ठरलेला दंड घेऊन, शिवाय गाडीच्या किमतीपर्यंतच्या रकमेचं बंधपत्र घेऊन, म्हणजे पुन्हा असं काम करणार नाही असं लिहून घेऊन, तो अधिकारी गाडी सोडू शकतो. गाडीच्या दंडाचे आकडे १२ जानेवारी २०१८ च्या राजपत्रात आले, ट्रॅक्टरला १ लाख, फुल बॉडी ट्रकला आणि डंपरला २ लाख, पोकलेनला साडेसात लाख. वाळूचा दंड वेगळा.

बघा, कायद्यात ४८ तास लिहिलेत. म्हणजे कायदा करणाऱ्याला माहीत होतं की गाडी ही उभी ठेवायची वस्तू नाही, घाई करायला पाहिजे. पण ४८ तासात गाडी हजर केली असा कागद झाला की पुढं निकाल किती दिवसात द्यायचा हे कुणी विचारत नाही, आणि तिथंच सगळं सडतं.

घरची गोष्ट सांगतो. माझ्या थोरल्या ताईच्या नावावर ट्रॅक्टर आहे. बाईच्या नावावर अनुदान जास्त मिळतं म्हणून तिच्या नावावर घेतला, सगळं बघतात दाजी, तिला क्लच कुठला आणि ब्रेक कुठला हेही माहीत नाही. गावातल्या एकाला घरकुल मंजूर झालं होतं. घरकुलवाल्याला पाच ब्रास म्हणजे ५०० घनफूट वाळू फुकट द्यायची असं सरकारचं धोरण आहे, पण फुकट वाळूला घाट, म्हणजे नदीतली उपशाची ठरलेली जागा, चालू पाहिजे, आमच्याकडच्या घाटाचं तेव्हा काहीच ठरलेलं नव्हतं आणि त्या माणसाचा जोत्याचा हप्ता अडकला होता, जोतं झाल्याशिवाय पुढचा हप्ता पडत नाही. त्यानं दाजींच्या हातापाया पडून ट्रॅक्टर लावला. भाडं ठरलं होतं १५०० रुपये. वाळू न्यायचा पास नव्हता, रॉयल्टी म्हणजे सरकारचं शुल्क भरलेलं नव्हतं, रात्रीचे दोन वाजले होते. दाजींनी चूक केली, हे मी त्यांच्या तोंडावर बोललोय आणि इथंही लिहितो, त्यात काही झाकायचं नाही. नदीपासून दोन किलोमीटरवर गाडी पकडली, ड्रायव्हर पोरगं घाबरून पळालं.

दंड लागला १ लाख २० हजार ६०० रुपये. ट्रॅक्टरचे १ लाख, एक ब्रास वाळू ४ हजार भावानं धरून पाचपट २० हजार, आणि रॉयल्टीचे ६००. आता घरकुलाला केंद्राच्या योजनेत मूळ अनुदान किती आहे, १ लाख २० हजार. ज्या घराच्या जोत्यासाठी एक ट्रॉली वाळू नेली, त्या अख्ख्या घराच्या अनुदानाएवढा दंड एका खेपेला. तरी आम्ही म्हणलं ठीक आहे, चूक आहे, भरू, हप्ते पाडून द्या. हप्त्याची सोय नाही असं सांगितलं. एकरकमी भरायची ऐपत नव्हती, सोयाबीन त्या साली पावसानं गेलं होतं आणि फायनान्सचा सहामाही हप्ता डोक्यावर होता.

आणि इथून पुढं जे झालं ते माझ्या मते दंडापेक्षा वाईट. ड्रायव्हर पळाला म्हणून पोलिसातही गुन्हा दाखल झाला, चोरीचा. नदीतली वाळू सरकारची मालमत्ता, ती विनापरवाना उचलली म्हणजे चोरी, हे बरोबर आहे, सुप्रीम कोर्टानं २०१४ मध्ये दिल्लीच्या प्रकरणात सांगितलंय की खाणकायद्याची कारवाई आणि चोरीचा खटला दोन्ही होऊ शकतात, आणि २०२० मध्ये मध्यप्रदेशच्या प्रकरणात असंही सांगितलं की दंड भरून खाणकायद्याखालचं प्रकरण मिटवलं तरी चोरीचा खटला त्यामुळं संपत नाही. हे बहुतेक गाडीवाल्यांना माहीतच नसतं, त्यांना वाटतं पावती फाडली की विषय संपला, आणि मग दोन वर्षांनी समन्स आलं की धावत सुटतात.

तर गाडी एक आणि जप्ती दोन. ट्रॅक्टर उभा होता पोलीस ठाण्याच्या मोकळ्या जागेत, कागद होते महसूलकडं. ताईनं मॅजिस्ट्रेट कोर्टात गाडी सुपुर्दनाम्यावर, म्हणजे कोर्ट मागेल तेव्हा हजर करीन असं लिहून देऊन, मिळावी म्हणून अर्ज दिला, पूर्वी हे क्रिमिनल प्रोसिजर कोडच्या ४५१ आणि ४५७ कलमाखाली व्हायचं, आता नव्या कायद्यात ४९७ आणि ५०३ झालंय. कोर्टानं पोलिसांचा से म्हणजे लेखी म्हणणं मागवलं, पोलिसांनी लिहून दिलं की महसूलची दंडाची कारवाई बाकी आहे. महसूलकडं गेलं तर ते म्हणले गाडी आमच्या ताब्यात नाही, पोलिसांकडून पत्र आणा. पोलिसांकडं गेलं तर ते म्हणले कोर्टाची ऑर्डर आणा. ही फेरी ताईनं पाच वेळा मारली, एसटीनं, बायकांना अर्धं तिकीट आहे म्हणून ती एकटी यायची, दाजींना आणायची नाही, तेवढेच पैसे वाचतात म्हणून. सकाळी सहाची गाडी पकडून यायची, साहेब मीटिंगला गेलेत असं कळलं की माझ्या गॅरेजवर येऊन भिंतीच्या सावलीत बसायची. तिथून भिंतीच्या पलीकडचे ट्रॅक्टर दिसतात. एकदा मला म्हणली, "आपला यातला नाही ना रे, आपला तिकडं ठाण्यात आहे ना, तिथं तरी सावली असंल का." सावली नव्हती, मी तिला तसं सांगितलं नाही.

दंडाची ऑर्डर झाली ती आम्हाला हातात मिळाली ७१ दिवसांनी, ती पण मी स्वतः जाऊन नक्कल मागितली तेव्हा. अपिलाची मुदत असते ६० दिवस. वकील म्हणले मुदत ऑर्डर मिळाल्यापासून मोजायची असते, घाबरू नका. पण मिळाली कधी याची पोहोच कुणाकडंच नाही, त्यांच्या रजिस्टरला लिहिलंय पोस्टानं पाठवली, आमच्याकडं आली नाही, मग आधी अपील मुदतीत आहे का नाही यावरच तीन तारखा गेल्या. मूळ मुद्द्याला अजून हातच लागला नाही. तोपर्यंत दंड वसुलीसाठी दाजींच्या सातबाऱ्यावर इतर हक्कात बोजा चढला. ट्रॅक्टर ताईच्या नावावर, जमीन दाजींच्या नावावर, नोटीस ताईला, बोजा दाजींच्या जमिनीवर. बोजा दिसला म्हणून सोसायटीनं पीककर्ज थांबवलं. पीककर्ज थांबलं म्हणून पेरणीला सावकार. १५०० रुपयाची खेप कुठपर्यंत गेली बघा.

मी हे माझ्या घरचं आहे म्हणून रडत नाही. असाच दुसरा एक गिऱ्हाईक आहे, टिप्परवाला, त्याच्याकडं तर सरकारी वाळू डेपोचा रीतसर पास होता. पासवर निघायची वेळ आणि पोचायची वेळ असते. वाटेत टायर फुटला, स्टेपनी पण पंक्चर, दोन तास गेले आणि पासची वेळ संपली, गावाच्या वेशीवर पकडला. आता हा विनापरवाना झाला का नाही? पंक्चरवाल्यानं कच्च्या कागदावर लिहून दिलेली पावती घेऊन तो फिरत होता. मला विचाराल तर अशा माणसाला आणि ज्यानं पासच घेतलेला नाही त्याला एका तागडीत तोलायचं नाही, पण दंडाचा तक्ता गाडीचा प्रकार बघतो, गाडीच्या मागची गोष्ट बघत नाही. ती गोष्ट ऐकण्यासाठीच सुनावणी असते ना? त्याची सुनावणी झाली तेव्हा गाडी उभी राहून चार महिने झाले होते. सुटली, त्याला दंड कमी झाला, पण माझं बिल ६२ हजार झालं. खरं खोटं करायला चार महिने आणि इंजिनाचं काम, ही शिक्षा कुठल्या कलमात आहे?

आणि पंचनामे. मी तीन पंचनाम्यांवर पंच म्हणून सही केलेली आहे, खोटं बोलत नाही, शेजारी गॅरेज आहे म्हणून बोलावतात. नदीवर पकडलेल्या गाडीचा पंचनामा ऑफिसच्या टेबलावर, छापील फॉर्म, मोकळ्या जागा भरायच्या. वाळू "अंदाजे एक ब्रास". एक ब्रास म्हणजे १०० घनफूट, ट्रॉली टेप लावून मोजली तर दहा बाय सहा बाय दीड म्हणजे ९० घनफूट भरते, आणि ती काठोकाठ भरलेली असेल तर. टेप लावायला दोन मिनिटं लागतात. गाडीचे फोटो काढून, टायर बॅटरी सेल्फ डायनामो आहे का नाही हे लिहून, मालकाला किंवा ड्रायव्हरला एक प्रत दिली तर नंतरचे निम्मे वाद होणारच नाहीत. पहिल्या दोन वेळेला मी न वाचता सही केली, तिसऱ्या वेळेला ताईचं प्रकरण चालू होतं म्हणून वाचली आणि बॅटरी आहे असं लिहायला लावलं, त्यांनी लिहिलं, काही कुरकुर केली नाही. म्हणजे होतं, कुणी म्हणलं तर होतं.

आता जे लोक हे वाचून म्हणतील की वाळूचोरांची बाजू घेतोय, त्यांना सांगतो, मी गंगेच्या काठचा आहे. गोदावरीला आम्ही गंगाच म्हणतो. माझ्या लहानपणी पात्रात उन्हाळ्यात हातानं खड्डा केला, झरा काढला की पाणी लागायचं, प्यायला तेच पाणी, गोड. आज त्याच जागी मुरूम उघडा पडलाय, काळी माती दिसतीय. आमच्या शिवारातल्या काठच्या विहिरी जानेवारीत तळाला जातात, कारण वाळू म्हणजे नुसता बांधकामाचा माल नाही, ती पाणी धरून ठेवती आणि हळूहळू सोडती, ती गेली की पावसाचं पाणी जसं आलं तसं वाहून जातं. पात्रात केणी, म्हणजे वाळू ओढायचं अवजार, लावून केलेले खड्डे पावसाळ्यात दिसत नाहीत, त्यात माणसं बुडतात, जनावरं बुडतात. सुप्रीम कोर्टानं २०१२ लाच हरियाणाच्या प्रकरणात सांगितलं की पाच हेक्टरपेक्षा लहान पट्ट्याला सुद्धा पर्यावरणाची परवानगी घ्या, उगाच नाही सांगितलं. १० जून ते ३० सप्टेंबर उपसा बंद ठेवायचा नियम आहे तो पण उगाच नाही. आणि फेब्रुवारी २०२५ ला जालना जिल्ह्यात जाफराबाद तालुक्यात काय झालं ते विसरलात का, रात्री टिप्परनं वाळू पत्र्याच्या शेडवर ओतली आणि आत झोपलेले पाच जण गेले. रात्रीच्या धंद्यात माणूस दिसत नाही. आणि जे तलाठी, ज्यांना आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, हातात काठी सुद्धा न घेता रात्री पात्रात जातात, त्यांच्या अंगावर गाड्या घालायचे प्रकार होतात, त्या माणसांना पण बायकापोरं आहेत. त्यांच्या कामाला माझा सलाम आहे. पण तो माणूस जिवावर उदार होऊन जी गाडी पकडतो, तिचा निकाल वर्षभर लागणार नसेल तर त्यानं तरी जिवाची बाजी कशासाठी लावायची?

कारण ज्यांचा हा खरा धंदा आहे त्यांना गाडी उभी राहिल्याचं काही वाटत नाही, हे मी गॅरेजवर बसून बघितलंय. ज्याच्याकडं सात हायवा आहेत त्याची एक पकडली तर सहा चालूच असतात, तो दुसऱ्या दिवशी दोन लाख भरून बंधपत्र देऊन गाडी घेऊन जातो, माझ्याकडं बॅटरी सुद्धा बदलावी लागत नाही. त्यांची लोकेशन देणारी पोरं तहसीलच्या गेटबाहेर मोटारसायकलवर बसलेली असतात, साहेबांची गाडी निघाली की फोन जातो. दंड त्याला धंद्याचा खर्च आहे. पुन्हा असं करणार नाही म्हणून लिहून दिलेलं बंधपत्र दुसऱ्यांदा पकडल्यावर जप्त करायचं असतं, ते किती जणांचं जप्त झालं हे जाहीर करा की. वाळू तस्करांना एक वर्ष स्थानबद्ध करता यावं म्हणून २०१५ लाच एमपीडीए, म्हणजे धोकादायक गुन्हेगारांना स्थानबद्ध करायच्या कायद्यात त्यांचं नाव घातलंय, तो वापरा की. आवारात वर्षानुवर्षं सडतात त्या गाड्या बघा कुणाच्या आहेत, एक ट्रॅक्टर असलेल्या माणसाच्या, ज्याला एकरकमी लाख सव्वा लाख भरता आला नाही. म्हणजे जो भरू शकतो तो सुटतो आणि जो भरू शकत नाही त्याची गाडी पण जाते, दंड पण राहतो, बोजा पण राहतो. आणि सरकारला तरी काय मिळतं? दोन वर्षांनी लिलाव काढायचा, आरटीओकडून किंमत काढून आणायची, तोपर्यंत गाडी भंगार झालेली, चार लाखाच्या गाडीला सत्तर हजार येतात, ते पण भंगारवालेच येतात लिलावाला. माझ्याकडं त्यातलीच एक गाडी स्पेअर पार्टसाठी खोलायला आली होती.

सुप्रीम कोर्टाचा २००२ चा एक निकाल आहे, गुजरातचा, सुंदरभाई अंबालाल देसाई नावाचा, आमच्या वकिलांनी त्याची झेरॉक्स मला दिली ती मी गॅरेजमध्ये ठेवलीय, कुणी आलं की दाखवतो. त्यात कोर्ट म्हणतं की जप्त गाड्या पोलीस ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काही अर्थ नाही, पंचनामा करा, फोटो काढा, बाँड आणि जामीन घ्या आणि गाडी द्या, आणि मुद्देमाल १५ दिवस ते एक महिना याच्यापेक्षा जास्त ठाण्यात राहू नये हे मॅजिस्ट्रेटनं बघावं. तो निकाल फौजदारी कोर्टांसाठी आहे, महसूलच्या जप्तीला जसाच्या तसा लागू होतो का नाही यावर वकिलांचेच वाद आहेत, ते त्यांनी घालावेत. पण मला सांगा, जो पाऊस ठाण्यातल्या ट्रॅक्टरवर पडतो तोच तहसीलमधल्या ट्रॅक्टरवर पडतो ना? महसूल खात्याला हाच एक महिन्याचा नियम स्वतःहून घालून घ्यायला कोण अडवतंय? दंड एक रुपयानं कमी करू नका. पण एक महिन्यात सुनावणी घेऊन लेखी निकाल द्या, निकालाची प्रत सही घेऊन मालकाच्या हातात द्या, म्हणजे मुदतीचा वाद राहणार नाही. ज्याच्याकडं एकच गाडी आहे आणि पहिल्यांदा सापडलाय त्याला बंधपत्र आणि जामीनदार घेऊन हप्ते पाडून द्या, नाहीतरी बोजा चढवताच, मग बोजा ठेवून गाडी सोडा, तो गाडी चालवून दंड भरेल, उभी गाडी कुणाचा दंड भरणार आहे? दुसऱ्यांदा सापडला तर खुशाल विका, पण तीन महिन्यात विका, तिची किंमत आहे तोपर्यंत. आणि महसूल, पोलीस दोघांची जप्ती एकाच गाडीवर असेल तर गाडी कुणाच्या ताब्यात आहे आणि कुणाकडं अर्ज करायचा हे पहिल्याच दिवशी एका कागदावर लिहून द्या. याला नवीन कायदा लागत नाही, पैसा लागत नाही, जिल्हाधिकारी साहेबांनी मनावर घेतलं तर एका परिपत्रकाचं काम आहे.

वाळूच्या धोरणाबद्दल बोलायचं तर १ मे २०२३ ला श्रीरामपूर तालुक्यात नायगावला पहिला डेपो उघडला तेव्हा आम्ही पण खुश झालो होतो, ६०० रुपये ब्रास वाळू घरपोच नाही पण डेपोवर तरी मिळेल म्हणून. आमच्या भागात काय अनुभव आला ते सगळ्यांना माहीत आहे, नंतर २०२५ ला धोरण पुन्हा बदललं, आता एम सँड म्हणजे क्रशरच्या वाळूचं पण धोरण आलंय. येऊ द्या, मला त्यात जास्त कळत नाही. एवढं कळतं की गरिबाला घर बांधायला कायदेशीर वाळू वेळेवर मिळाली असती तर दाजी त्या रात्री घरी झोपले असते.

ताईचा ट्रॅक्टर उभा राहून आता १४ महिने झाले. मागच्या महिन्यात मी ठाण्यात जाऊन परवानगी घेऊन बघून आलो. बॅटरी नाही, सेल्फ आहे अजून, डावं मागचं टायर गेलंय, पंप खोलल्याशिवाय सांगता येणार नाही. मी जाताना पिशवीत ग्रीस आणि जुनी ताडपत्री नेली होती, म्हणलं सायलेन्सरच्या तोंडाला डबा लावतो आणि इंजिनावर ताडपत्री तरी टाकतो, पावसाळा तोंडावर आलाय. तिथले हवालदार भले माणूस होते, पण ते म्हणले मुद्देमालाला हात लावता येत नाही, वरून ऑर्डर आणा. ताडपत्री परत आणली. पुढची तारीख पोळ्यानंतरची आहे.

कळावे,
गोदाकाठचा एक ट्रॅक्टर मेकॅनिक
(प्रकरण चालू आहे म्हणून नाव आणि गाव छापू नये ही विनंती)